उपवासाला चालणारी कोळंबी

विहीणबाई, म्हणजे माझ्या सुनेची आई, गुडघ्याच्या ऑपरेशननंतर आमच्याकडे राहायला आल्या, तेव्हा त्यांच्याबरोबर एक वॉकर होता, कपड्यांची पिशवी होती आणि एका बर्नरची छोटी शेगडी होती. वॉकर आणि कपडे समजण्यासारखे होते. शेगडी पाहून मात्र सुनेचा चेहरा उतरला. तिनं ती गाडीतून काढली, स्वयंपाकघराच्या खिडकीखाली ठेवली आणि ओल्या फडक्यानं पुसून घेतली. पुसायची गरज नव्हती, शेगडी लख्ख होती.

लेकीला मूल होईपर्यंत तिच्या घरचं अन्न खायचं नाही, ही जुनी रीत. माझ्या आईनंही ती पाळली होती. ती पाथर्डीकडून यायची, आमच्या दारातल्या ओट्यावर बसायची, फडक्यात बांधून आणलेली स्वतःची भाकरी खायची, आमच्या घरचं नुसतं पाणी प्यायची आणि परतीची एसटी धरायची. पण मला मुलगा लवकर झाला, त्यामुळे तिचे फारसे हाल झाले नाहीत. माझ्या सुनेला मूल झालं नाही. लग्नाला इतकी वर्षं झाली तरी विहीणबाईंनी आमच्या घरात कपभर चहासुद्धा घेतला नव्हता. समुद्रकाठच्या त्यांच्या गावाहून त्या वर्षातून एकदा यायच्या, डबा बरोबर आणायच्या, तोंड भरून बोलायच्या आणि दुसऱ्या दिवशी जायच्या. एका दिवसाचं डब्यावर निभतं. गुडघ्याचं निभणार नव्हतं. ऑपरेशन लेकीजवळ व्हावं म्हणून नगरला केलं होतं; तिथल्या दवाखान्यातून त्यांना सोडलं तेव्हा डॉक्टरांनी सांगितलं, निदान दोन महिने एकटं राहायचं नाही. (जिल्ह्याचं नाव बदललं, एसटीच्या पाट्या बदलल्या, पण माझ्या तोंडात अजून नगरच बसलंय. या वयात जीभ कुठं बदलून आणू?) त्या एकट्याच राहतात, यजमान जाऊन बरीच वर्षं झाली. म्हणून त्या श्रीगोंद्याला लेकीकडे आल्या, आणि येताना शेगडी घेऊन आल्या.

कारखान्याचा हंगाम चालू होता. माझा मुलगा कारखान्यात नोकरीला, त्यामुळे तो घरात असून नसल्यासारखा. सून गावातल्या कॉलेजात शिकवते. दिवसभर घरात आम्ही दोघी म्हाताऱ्या. मी ओट्यापाशी, त्या खिडकीखाली खुर्चीवर, शेगडीवर स्वतःचे मूठभर तांदूळ शिजवत. भात, बरोबर घरून आणलेली सुकटीची चटणी आणि केळी. डॉक्टर म्हणाले होते चांगलंचुंगलं खा, आणि ह्या पोरक्या मुलासारखं जेवत होत्या. मी म्हणायचे, विहीणबाई, वरणाला आत्ताच फोडणी दिलीय. त्या हसून म्हणायच्या, वास तर छान सुटलाय. वास घ्यायला रीत आड येत नव्हती.

सून रोज एक ताट जास्तीचं वाढायची आणि झाकून ठेवायची. संध्याकाळी ते ताट मी संपवायचे, अन्न टाकायचं नसतं म्हणून. महिना व्हायच्या आत माझे ब्लाऊज घट्ट झाले. एकीनं न खाल्ल्यानं दुसरी जाड होते, हे मी आयुष्यात दुसऱ्यांदा अनुभवत होते. पहिल्यांदा न खाणारी आणि जाड होणारी मीच होते.

ते सांगायलाच हवं, कारण पुढची अक्कल मला तिथूनच सुचली.

मी माळकऱ्याच्या घरातली. लग्न होऊन या बागायती घरात आले, तर इथं दर रविवारी मागच्या अंगणातल्या चुलीवर मटण शिजायचं. त्याची भांडी वेगळी, चूल वेगळी, पळी वेगळी. आणि नवी नवरी कशी, तर त्या दिवशी नाकाला पदर लावून गोठ्याच्याही पलीकडे जाऊन बसणारी. तोंडावर असा भाव, की आत्ताच स्वर्गातून उतरले आणि खाली चिखल निघाला. एकदा माझ्या यजमानांनी भीमेच्या काठावरून ओल्या फडक्यात झिंगे आणले. झिंगे म्हणजे नदीतली बारीक कोळंबी. फडकं वळवळत होतं. घरात कुणी बघत नाही असं पाहून मी भूतदया केली आणि ते सगळे गुरांच्या पाण्याच्या हौदात सोडून दिले. जीव वाचवल्याच्या आनंदात मी त्या दिवशी दोनदा देवाला हात जोडले. संध्याकाळी बैल पाण्याला तोंड लावेनात. सासूबाई पिठाची चाळण घेऊन हौदात वाकल्या आणि एकेक झिंगा वेचून काढला. रात्री कालवण झालंच. माझ्या दयेमुळे झिंग्यांना फक्त अर्ध्या दिवसाचं पोहणं मिळालं आणि मला नवी चाळण आणावी लागली.

उपवासांच्या बाबतीत तर माझा थाट विचारू नका. सोमवार, गुरुवार, दोन्ही एकादशा, चतुर्थी. घरातल्या बायकांना ऐकू जाईल अशा बेतानं मी म्हणायचे, "मला आज काही नको, माझा उपास आहे." आणि मग काही नको म्हणजे काय, तर साबुदाण्याची खिचडी, भगर, दाण्याची आमटी, बटाट्याचा कीस, वर दाण्याचा लाडू. मुलगी उपासानं वाळेल म्हणून माझे वडील काळजी करायचे; भेटायला आले तेव्हा त्यांनी मला ओळखायलाच क्षणभर घेतला. एक दिवस सासूबाई डब्यात हात घालून म्हणाल्या, "सूनबाय, तुझ्या उपासापायी शेंगदान्याचं पोतं सरलं. रोज जेवत जा गं, परवडंल आमाला."

मला तेव्हा फार राग आला होता. मी तावातावानं त्यांना समजावलं, की उपासाचं खाणं म्हणजे खाणं नव्हेच, ते अन्नात धरत नाहीत. त्या म्हणाल्या, "मंग कशात धरत्यात?" तिथं मी हरले. पण वाद माझ्या लक्षात राहिला.

विहीणबाईंच्या यजमानांची हकीकत मला त्यांच्या त्या खिडकीखालच्या बैठकीत कळली. ते समुद्रकाठच्या एका हॉटेलात स्वयंपाकी होते. पर्यटकांसाठी ते कोळंबी आणि बटाट्याचं सॅलड करायचे, गार, पांढऱ्या घट्ट सॉसमध्ये घोळवलेलं. उरलं तर स्टीलच्या डब्यात घालून घरी आणायचे. लेक तेव्हा शाळेत. ती पाठीवरचं दप्तर न काढता डबा घेऊन बसायची. विहीणबाई हे सांगताना हातानं बटाट्याच्या फोडींचा आकार दाखवत होत्या. एवढी, बोराएवढी, म्हणाल्या, मोठी केली तर सॉस आत जात नाही. मी विचारलं, मग तुम्ही कधी केलं नाही का? तर म्हणाल्या, ते गेल्यावर कुणासाठी करायचं? एकटीला सॅलड कोण करतं?

त्यानंतर चारच दिवसांत त्यांच्या भाच्यानं पुण्याला येणाऱ्या टेम्पोतून थर्माकोलचा डबा पाठवला. बर्फात घातलेली कोळंबी. मावशीला इकडे मासळी मिळत नसेल, म्हणून. माझ्या मुलानं तो डबा आणून फ्रीजमध्ये ठेवला आणि तो ड्यूटीवर गेला. दुसऱ्या दिवशी सून परीक्षेच्या कामाला सकाळीच कॉलेजात गेली. दुपारपर्यंत घर आमचं होतं.

मी कुकर न लावता बटाटे पातेल्यात, सालासकट, उकडायला टाकले. तुम्ही म्हणाल, माळकऱ्याची लेक कोळंबीला हात लावते कशी? त्याला फार वर्षं झाली. ढवळता ढवळता एकदा भाकरीचा तुकडा रश्श्यात पडला आणि तो वाया जाऊ नये म्हणून मी खाल्ला, इतकंच सांगते. आता मी मागच्या अंगणात जात नाही, चूलच आत आलीय.

पण मटण वेगळं आणि कोळंबी वेगळी. मी डोकी मोडायला बसले तर निम्मं मांस डोक्याबरोबर जायला लागलं. विहीणबाई खुर्चीवरून बघत होत्या. आधी त्यांनी खिडकीबाहेर पाहिलं. मग पाय हलवून पाहिला. मग म्हणाल्या, "आणा ते ताट इकडे. बघवत नाही." ताट मांडीवर घेऊन त्यांनी कवच सोललं, पाठीवर सुरीची चीर दिली आणि काळा दोरा बोटानं ओढून काढला. एकीमागून एक, बोलता बोलता, ताटाकडे न बघता. पाणी उकळलं की कोळंबी टाका, त्या म्हणाल्या, आणि गॅस बंद करा. वाकडी होऊन गुलाबी झाली की लगेच काढा, नाहीतर रबर होईल. मी तसं केलं. बटाटे गरम असतानाच सोलून बोराएवढ्या फोडी केल्या आणि त्यावर लिंबू पिळलं. हेही त्यांनीच सांगितलं. गरम बटाटा आंबट पिऊन घेतो, गार झाला की नुसता ओला होतो.

"आता अंडं," त्या म्हणाल्या, "आणि तेल. घोटून घोटून सॉस करायचा."

"अंडं नाही," मी म्हटलं. "अंडं घातलं तर उपास मोडेल."

त्यांना वाटलं माझा उपास आहे. त्या ओशाळल्या, की मग तुम्ही कोळंबीला हात कशाला लावलात? मी म्हटलं, माझा नाही. सॅलडचा.

मी फडक्यात टांगलेलं दही आणलं. रात्रभर पाणी निथळून त्याचा चक्का झाला होता. त्यात काकडी, हिरवी मिरची वाटून, जिरं भाजून. मोहरी नाही, हळद नाही, कांदा नाही. साधं मीठही नाही. उपवासाचं शेंदेलोण घातलं. शेवटी दाण्याचं कूट, कारण आमच्या हाताला त्याशिवाय चैन पडत नाही. विहीणबाईंनी कुटाकडे असं पाहिलं, जणू मी समुद्रात वाळू टाकतेय. बटाटे आणि कोळंबी गार झाल्यावर मी सगळं हलक्या हातानं एकत्र केलं, फ्रीजमध्ये ठेवलं आणि त्यांच्यासमोर स्टूल ओढून बसले.

मग मी वकिलासारखं माझं म्हणणं मांडलं. सासूबाईंसमोर जे हरले होते, तेच. की रीत काय सांगते, लेकीच्या घरचं अन्न खायचं नाही. अन्न म्हणजे धान्य. बटाटा उपासाला चालतो, म्हणजे तो अन्न नव्हे. दही चालतं, काकडी चालते, दाणे चालतात. मिठाला जागायचा प्रश्न नको म्हणून मीठसुद्धा उपासाचं. राहिली कोळंबी, तर ती तुमच्या भाच्याची, तुमच्या हातानं सोललेली. त्या वाडग्यात माझ्या घरचं अन्न असलं तर मला दाखवा.

"आणि कोळंबी उपासाला चालते का?" त्यांनी विचारलं.

"ती तुमची आहे. तिचा जाब तुमच्या देवाला द्या, मला नका विचारू."

त्या हसल्या. ऑपरेशनचा गुडघा हातानं धरून हसल्या. मग त्यांनी खिडकीखालच्या शेगडीकडे पाहिलं. शेवटी त्या म्हणाल्या, की बरं, वाटीभर द्या, पण लेकीला सांगू नका. मी सॅलडचा वाडगा फ्रीजमधून काढून टेबलावर ठेवला, वाटी त्यांच्या हातात दिली, आणि दारात सुनेची चप्पल वाजली.

ती परीक्षेची पिशवी खाली ठेवता ठेवता थांबली. टेबलावर सॅलड, आईच्या हातात रिकामी वाटी. तिनं वाडग्यात पाहिलं आणि ते कुणाचं सॅलड आहे हे तिला न सांगताच कळलं. मी मोठ्या ऐटीत तिला सगळा कायदा पुन्हा ऐकवला, शेंदेलोणासकट. मला वाटलं पोरगी खूश होईल. ती ऐकत राहिली. मग तिनं आईच्या हातातली वाटी घेतली आणि मांडणीवर ठेवून दिली. हात धुतले. ताट घेतलं, त्यात सकाळची बाजरीची भाकरी ठेवली, शेजारी सॅलड वाढलं, आणि मिठाच्या बरणीतलं आमचं रोजचं मीठ चिमटीनं कडेला वाढलं. ताट आईच्या समोर ठेवून ती खाली फरशीवर बसली.

"उपासाचं म्हणून खाणार असशील, तर नको खाऊस," ती म्हणाली. "जेवण म्हणून जेव."

विहीणबाई माझ्याकडे पाहायला लागल्या. तरुणपणीची मी असते तर मध्ये पडून काहीतरी शहाणपणाचं बोलले असते आणि सगळ्याची माती केली असती. मी काकडीची सालं गोळा करत राहिले. एवढ्याशा सालांना मला फार वेळ लागला.

सून म्हणाली, की मूल होणार नाही. दवाखान्याच्या फेऱ्या तिनं आणि माझ्या मुलानं बंद केल्या, त्यालाही आता बरेच दिवस झाले; दोघांनी मिळून ठरवलं. आत्यांना माहीत आहे. आत्या म्हणजे मी. आमच्याकडे सासूला आत्या म्हणतात. आणि मला खरंच माहीत होतं, तिनं मला त्याच ओट्यापाशी सांगितलं होतं. आईला सांगायचं राहिलं होतं. "तू दर वेळी डबा घेऊन यायचीस," ती म्हणाली. "मला वाटायचं, तू मोजतेयस. अजून नाही झालं, अजून नाही झालं."

"मोजत नव्हते गं." विहीणबाईंचा आवाज बारीक झाला होता. "मी जेवले असते तर तुला वाटलं असतं, आईनं आशा सोडली. म्हणून नाही जेवले."

फ्रीज घुरघुरत होता, बाहेर रस्त्यानं उसाचा ट्रॅक्टर गेला. मला इतकंच कळत होतं, की या दोघी इतकी वर्षं एकमेकींना जपत एकमेकींना उपाशी ठेवत होत्या, आणि मी त्यावर शेंदेलोणाचा इलाज काढला होता.

"सोड ना आशा, आई," सून म्हणाली. "आम्ही बरे आहोत. जेव."

विहीणबाईंनी पदरानं हात पुसले. भाकरीचा तुकडा मोडला. बाजरीची त्यांना सवय नाही, त्यांच्याकडे तांदळाची. तुकडा मोडताना तो चुरला आणि अर्धा मांडीवर सांडला. सुनेनं मांडीवरचा चुरा वेचला. त्यांनी दुसरा तुकडा मोडला, त्यावर बटाटा आणि एक कोळंबी घेतली, कडेचं मीठ बोटानं टिपलं आणि खाल्लं. चावायला त्यांना वेळ लागला. गिळलं तेव्हा सून त्यांच्या घशाकडे बघत होती, आजारी लेकराला औषध पाजल्यावर आई बघते तशी.

"कसं झालंय?" मी विचारलं. राहवलं नाही.

त्यांनी आणखी एक घास घेतला, नीट चावला. "कोळंबी बरोबर," त्या म्हणाल्या. "बटाटा दोन मिनिटं जास्त. आणि त्या कुटाबद्दल मी बोलणार नाही, तुमच्या घरात बसलेय."

सून रडत होती आणि हसत होती, मग उठून तिनं स्वतःसाठी ताट आणलं आणि आईच्या शेजारी बसली. दप्तर न काढता, असं म्हणायला हवं, कारण कॉलेजचं ओळखपत्र अजून गळ्यात लटकत होतं आणि सॅलडमध्ये बुडायला आलं होतं. मी माझंही वाढून घेतलं. वाडगा पुरा झाला. माझ्या मुलाला ठेवायचं राहून गेलं. त्याला संध्याकाळी भाच्याच्या डब्याचा नुसता वास मिळाला.

दुपारी विहीणबाई झोपल्या. आमच्याकडे आल्यापासून पहिल्यांदा त्या दिवसा झोपल्या. सुनेनं पेपर तपासायला काढले, पण तपासत नव्हती, एकाच पानाशी बसून होती. ऊन कलल्यावर ती उठली, स्वयंपाकघरात गेली आणि तिथून तिनं हाक मारली, "आई, संध्याकाळी काय खाशील?"

घर काही मोठं नाही. हळू विचारलं असतं तरी ऐकू गेलं असतं. उत्तर आलं नाही म्हणून तिनं पुन्हा विचारलं, मघापेक्षा मोठ्यानं. आतून विहीणबाईंचा झोपाळू आवाज आला, की पिठलं कर. आणि जरा थांबून, हळू बोलल्याचा आव आणत, पण मला ऐकू येईल एवढ्या बेतानं म्हणाल्या, "आत्यांना नको करू देऊ. त्या त्यातही दाण्याचं कूट घालतील."